फुकटचे आणि मोकळे

जळगावला सुवर्णनगरी म्हणतात ते उगीच नव्हे. दिवाळीच्या आधी पंधरा दिवस येथील सराफ बाजारातून सहज एक चक्कर मारावी. अंगठी असो की पाटल्या, घरची बाई आधी हॉलमार्क पाहते. १ एप्रिल २०२३ पासून हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा क्रमांक असावा लागतो. तोही भिंगातून बघून घेतला जातो. मग वजन, मग घडणावळ, मग पक्के बिल. अशा वेळी रस्त्यावरचा कुणी अनोळखी इसम पुढे होऊन म्हणाला, "ताई, हाच दागिना माझ्याकडे फुकट आहे, घेता का?" तर आमची जळगावकर गृहिणी चार पावले मागे सरेल आणि पर्स पोटाशी घट्ट धरील.

गंमत पुढेच आहे. हीच मंडळी घरी येतात, मुलगा कॉम्प्युटरपुढे बसलेला असतो, आणि कुठल्यातरी अनोळखी इसमाने फुकट देऊ केलेला खेळ, सिनेमा किंवा पुस्तक तो निर्धास्तपणे घरात घेत असतो. त्याचे बिल कुणी विचारत नाही. माझ्या वर्गातही तोच प्रकार. मी मराठी शिकवतो. जून-जुलैत नव्या वर्गाला अभ्यासक्रम सांगितला की पुस्तकाच्या नावापाठोपाठ पहिला प्रश्न येतो, "सर, पीडीएफ आहे का?" लेखक कोण, हा प्रश्न त्यानंतर, आणि तोही परीक्षा जवळ आल्यावर.

या विषयावर कधी लेख लिहीन असे मला वाटले नव्हते. परंतु गेल्या वर्षी जून महिन्यात धुळ्याहून धाकट्या बहिणीचा फोन आला. "दादा, तू उद्याच्या उद्या ये. घरात कुणी कुणाशी बोलत नाही." दुसऱ्या दिवशी सकाळची एस. टी. धरली आणि एरंडोल, पारोळा करीत दुपारी धुळ्यास पोचलो.

घनांची दुनिया

झाले होते ते असे. माझा भाचा नववीत गेला होता. त्याला 'माइनक्राफ्ट' नावाच्या खेळाचे वेड. वाचकांपैकी ज्यांच्या घरी दहा ते पंधरा वर्षांचे मूल आहे त्यांना हा खेळ सांगावयास नको. इतरांसाठी थोडे सांगतो. स्वीडनच्या मार्कुस पेरसन या तरुणाने २००९ साली तो बनवायला घेतला आणि नोव्हेंबर २०११ मध्ये तो पूर्ण रूपात बाजारात आला. २०१४ साली मायक्रोसॉफ्टने त्याची कंपनी अडीच अब्ज डॉलर्सना विकत घेतली. या खेळात सगळी सृष्टी चौकोनी ठोकळ्यांची. माती, दगड, लाकूड, पाणी सारे एक मीटर लांब, एक मीटर रुंद, एक मीटर उंच अशा घनांचे. दिवस वीस मिनिटांत मावळतो आणि उगवतो. ठोकळा फोडायचा, दुसरीकडे बसवायचा, आणि आपल्या मनातले गाव उभे करायचे. लहानपणी आम्ही दिवाळीत मातीचा किल्ला करीत असू, त्याचीच ही नवी तऱ्हा. फरक एवढाच की हा किल्ला पाडव्यानंतर मोडत नाही.

परंतु एकेक ठोकळा बसवून गाव उभारणे म्हणजे एकेक वीट हाताने रचून शहर बांधण्यासारखे. म्हणून जाणत्यांनी सृष्टीसंपादनाची साधने तयार केली. त्यांतले 'वर्ल्डएडिट' प्रसिद्ध आहे. खेळात हाती एक लाकडी कुऱ्हाड घ्यायची, एका कोपऱ्यावर डावी कळ दाबायची, समोरच्या कोपऱ्यावर उजवी. मधला सगळा चौक आपल्या ताब्यात येतो. मग हुकूम सोडायचा की यात दगड भर, की क्षणात हजारो ठोकळ्यांचा तट उभा! एक वाडा बांधून त्याच्या दहा प्रती ओळीने मांडता येतात. चुकले तर 'उलटव' म्हणायचे, की पूर्ववत्. आमच्या घरातल्या भांडणांना असला हुकूम असता तर किती बरे झाले असते, असे मला त्या दिवशी वाटून गेले.

हे साधन फुकट मिळते, आणि रीतसर फुकट मिळते. त्याच्या कर्त्यांनीच ते सर्वांना मोकळे करून दिले आहे. खेळ मात्र विकत घ्यावा लागतो. भाच्याने वडिलांकडे पैसे मागितले. दाजींचे धुळ्याच्या बाजारात खते-बियाण्यांचे दुकान आहे. जूनमध्ये कपाशीच्या बियाण्यासाठी दुकानापुढे रांग असते. ते म्हणाले, "सीझन होऊ दे, मग बघू." पोराला धीर कुठला? वर्गातल्या एका मित्राने पेनड्राइव्हवर खेळ आणून दिला. सोबत सूचना होती की, हा चालवण्यापूर्वी कॉम्प्युटरची विषाणूरोधक व्यवस्था बंद करावी. घरात शिरणारा पाहुणा जर म्हणाला, "आधी कुत्रा बांधा, दिवे मालवा आणि तिकडे तोंड फिरवा," तर आपण काय समजू? परंतु पडद्यावर तेच वाक्य आले की आपण मुकाट्याने ऐकतो.

तिसऱ्या दिवशी सकाळी दाजींनी कॉम्प्युटर उघडला तर एकही फाईल उघडेना. सर्व फायलींची नावे बदललेली, आणि पडद्यावर इंग्रजीत एक चिठ्ठी: अमुक इतकी खंडणी आभासी चलनात भरा, नाहीतर तुमची माहिती कायमची गेली. त्याच कॉम्प्युटरवर दुकानाचे हिशेब होते. साठ-सत्तर गावच्या शेतकऱ्यांची उधारी होती.

आजीचा प्रश्न

मी पोचलो तेव्हा दाजी हिशेबाच्या टेबलाशी सुन्न बसले होते. भाचा माडीवर. बहिणीचे डोळे सुजलेले. दाजींच्या आई तेवढ्या ओसरीवर होत्या. त्यांनी मला बसवून पाणी दिले आणि हळूच अहिराणीत विचारले, "पोऱ्यानी चोरी करी का रे भाऊ?"

प्रश्न सरळ होता. उत्तर सरळ देता आले नाही, कारण त्या घरात 'चोरी' या शब्दाला एक ठरलेले चित्र होते: कुलूप तोडणे, गोदामातले पोते नेणे. येथे तर मूळ खेळ जिथल्या तिथे होता आणि त्याची फक्त आणखी एक प्रत झाली होती. मग चोरीला गेले काय?

मी त्यांना दुकानातलेच उदाहरण दिले. म्हटले, "आई, बियाण्याच्या पाकिटावर कंपनीचे नाव आणि लेबल असते. उद्या कुणी तसेच पाकीट छापून, आत काहीतरी भरून, बाजारात वाटले तर?" त्या पटकन म्हणाल्या, "मंग वावर बुडी." म्हणजे शेत बुडेल. त्यांनी एका वाक्यात दोन्ही बाजू सांगितल्या. ज्याने वाण तयार केले त्याचा मोबदला बुडतो हे एक, आणि पाकिटात खरोखर काय आहे हे घेणाऱ्याला कळत नाही हे दुसरे. घरात शिरलेला विषाणू त्या दुसऱ्या प्रकारचा होता.

कायद्याचेही थोडे सांगितले पाहिजे. आपला प्रताधिकाराचा कायदा १९५७ सालचा. कॉम्प्युटरचा प्रोग्रॅम हाही त्या कायद्याने साहित्यकृतीत मोडतो, ही गोष्ट आम्हां मराठीच्या शिक्षकांना मौजेची वाटेल. कलम ६३-ब सांगते की, बेकायदा प्रत आहे हे ठाऊक असून ती कॉम्प्युटरवर वापरली तर सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजारांपासून दोन लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. धंद्याच्या फायद्यासाठी ती वापरलेली नसेल तर न्यायालय कैद न देता पन्नास हजारांपर्यंत दंडावर सोडू शकते. याच कायद्याची दुसरी बाजू मात्र फारशी कुणी सांगत नाही. जो प्रोग्रॅम आपण रीतसर घेतला आहे, त्याची प्रत नुकसानीपासून बचाव म्हणून जपून ठेवण्यास कलम ५२ मुभा देते. म्हणजे कायदा प्रतीच्या विरुद्ध नाही. तो विचारतो की प्रत कुणाची आणि कशासाठी.

खंडणी भरायची नाही, हे दाजींनी ठरवले. सायबर फसवणुकीसाठी १९३० हा राष्ट्रीय मदत क्रमांक आहे, तेथे कळवले, पोलिसांत तक्रार दिली, कॉम्प्युटर जाणत्या माणसाकडून पुसून घेतला. फायली गेल्या त्या गेल्याच.

उधारी

राहिले होते ते कागद. दाजींच्या वडिलांच्या काळापासूनचा एक नियम दुकानात चालू होता: कॉम्प्युटर असला तरी बिलबुक हाताने लिहायचे आणि कार्बनची प्रत ठेवायची. त्या प्रती निघाल्या, परंतु सगळ्या नाहीत. मध्यंतरी घाईच्या दिवसांत थेट कॉम्प्युटरवरच नोंदलेली बरीच उधारी होती. तिचा पुरावा कुठेच नव्हता.

मी तेथे चार दिवस राहिलो. या चार दिवसांत जे पाहिले ते मला कुठल्याही पुस्तकात सापडले नसते. बातमी गावोगाव गेली होती. 'शेठचा हिशेब उडाला.' आणि शेतकरी येऊ लागले. कुणी खिशातून घडी घातलेली चिठ्ठी काढी, कुणी तोंडी सांगे, "माझ्याकडे तीन बॅगा युरियाचे बाकी आहेत, लिहून घ्या." कुणाकडे मागता आले नसते, कुणी नाकारले असते तर सिद्ध करता आले नसते. सगळेच आले असे नाही. पण जे आले ते पुष्कळ होते.

भाच्याला दाजींनी खाली बोलावले आणि नोंदी लिहायला बसवले. समोरचा माणूस सांगतो आणि पोरगा लिहितो. तिसऱ्या दिवशी साक्रीकडचा एक म्हातारा शेतकरी येऊन आठशे रुपयांची बाकी सांगून गेला. तो गेल्यावर भाचा बराच वेळ पेन हातात धरून बसला. मग म्हणाला, "मामा, यांनी सांगितलं नसतं तर कुणाला कळलं असतं?"

"कुणालाच नाही," मी म्हटले. त्याहून अधिक बोलण्याची गरज नव्हती.

मोकळ्या वाटा

आता घरोघरच्या वाचकांच्या उपयोगाचे. पैसे नसले की चोरीचीच वाट उरते, असा आपला एक समज आहे. तो खरा नाही. फुकटचे आणि मोकळे यांत मोठे अंतर आहे. फुकटचे म्हणजे दुसऱ्याच्या झाडाचे आंबे; मोकळे म्हणजे गावाच्या पाराची सावली.

खेळाचेच घ्या. 'लुआंती' नावाचा, तशाच ठोकळ्यांच्या दुनियेचा एक मंच आहे. फिनलंडच्या पेर्टु आहोला याने तो २०१० साली 'माइनटेस्ट' या नावाने सुरू केला. २०२४ मध्ये त्याचे नाव बदलले. तो घ्यावा, वापरावा, मित्राला द्यावा, आतली रचना उघडून बदलावी. कर्त्यांनी परवाना देऊन या सर्वाला संमती दिली आहे. मित्राने पेनड्राइव्हवर हा खेळ दिला असता तर कायद्याने काही बिघडले नसते. मात्र असा प्रोग्रॅमही त्याच्या मूळ स्थळावरूनच उतरवून घ्यावा. पाकीट बदलण्याचा धोका तेथेही असतोच.

पुस्तकांचे पाहा. प्रताधिकार लेखकाच्या हयातीत आणि त्यानंतर साठ वर्षे असतो. पूर्वी ही मुदत पन्नास वर्षांची होती. रवींद्रनाथ ठाकूर १९४१ साली वारले. १९९१ अखेर त्यांचे साहित्य मोकळे होण्याची वेळ आली तेव्हा ती दहा वर्षांनी वाढवली गेली. या हिशेबाने आमच्या खानदेशची पुष्कळशी श्रीमंती आज सर्वांची झाली आहे. धरणगावचे बालकवी १९१८ साली भादली स्टेशनापाशी रेल्वेखाली गेले. त्यांची कविता १९६९ पासून मोकळी आहे. इतिहासाचार्य राजवाडे ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यासच वारले. त्यांची 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' १९७७ पासून. अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिकवणारे साने गुरुजी १९५० साली गेले. 'श्यामची आई' १ जानेवारी २०११ पासून कुणीही छापावी, वाचून दाखवावी.

जळगावच्या बहिणाबाईंचे उदाहरण तर विद्यार्थ्यांना मी मुद्दाम सांगतो. त्या ३ डिसेंबर १९५१ रोजी वारल्या आणि त्यांची गाणी पुस्तकरूपाने १९५२ साली, म्हणजे मृत्यूनंतर आली. मरणोत्तर प्रकाशनाला मुदत प्रकाशनापासून मोजतात. म्हणून पहिल्या आवृत्तीतली गाणी २०१३ च्या प्रारंभी मोकळी झाली. परंतु त्याच पुस्तकाला आचार्य अत्रे यांची प्रस्तावना आहे. अत्रे १९६९ साली वारले, म्हणजे प्रस्तावना २०२९ अखेरपर्यंत बांधलेली. पुढच्या आवृत्त्यांत जे नवे आले त्याचा हिशेब निराळा. एकाच पुस्तकात अर्धे अंगण मोकळे आणि अर्ध्याला कुंपण! म्हणून कुणीतरी स्कॅन करून पाठवलेली आख्खी पीडीएफ डोळे मिटून पुढे ढकलू नये.

मग मोकळे कुठे शोधावे? विकिस्रोताच्या मराठी विभागात 'श्यामची आई'सारखे जुने ग्रंथ टंकून ठेवलेले आहेत. मराठी विश्वकोश घरबसल्या वाचता येतो. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची कितीतरी प्रकाशने मंडळाच्याच स्थळावर विनामूल्य आहेत. बालभारतीची पाठ्यपुस्तके पीडीएफ रूपात मिळतात. भारताचे राष्ट्रीय डिजिटल ग्रंथालय खरगपूरची आय. आय. टी. चालवते, विद्यार्थ्याला तेथे विनामूल्य नोंदणी करता येते. जिवंत लेखकाचे पुस्तक मात्र विकत घ्यावे, किंवा ग्रंथालयातून आणावे. भालचंद्र नेमाडे आमच्या जळगाव जिल्ह्यातल्या सांगवीचे. त्यांची 'कोसला' फुकट मागणाऱ्या विद्यार्थ्याला मी कॉलेजच्या ग्रंथालयाचे कपाट दाखवतो. तेथील प्रत अजून फाटलेली नाही, ही काही अभिमानाची गोष्ट नव्हे.

धुळ्याची दुसरी गल्ली

पाडव्याला दाजींनी खेळ विकत घेतला. पैशातला निम्मा भाग भाच्याने दुकानात नोंदी लिहून फेडला. खाते दाजींच्या नावे उघडले, संकेतशब्द वहीत लिहून कपाटात ठेवला. हिशेबाची एक प्रत रोज रात्री वेगळ्या डिस्कवर उतरते आणि ती डिस्क कॉम्प्युटरपासून सोडवून ठेवली जाते. हीच पद्धत भाच्याने आपल्या दुनियेलाही लावली: संपादन करण्याआधी तिची एक प्रत बाजूला.

आणि त्याने काय बांधले? धुळे! या शहराला ही गोष्ट शोभते. १८१८ नंतर खानदेश इंग्रजांकडे गेला, कॅप्टन ब्रिग्ज यांनी धुळे हे मुख्य ठाणे केले आणि नवी वस्ती सरळ रस्त्यांची आखली. अजून तेथे गल्ल्यांना क्रमांक आहेत. ठोकळ्यांच्या खेळासाठी जणू आयतीच आखणी. २०१४ साली डेन्मार्कच्या सरकारी भूमापन खात्याने आपला सबंध देश मूळ मापाने या खेळात उभा केला होता. नकाशे सर्वांना मोकळे केले तर काय होते, हे मुलांना दाखवायला. काही उपद्व्यापी मंडळींनी त्यातल्या इमारती सुरुंग लावून उडवल्या, ती कथा वेगळी. भाच्याने 'ओपनस्ट्रीटमॅप' या लोकांनी मिळून केलेल्या नकाशावरून रस्ते घेतले. 'अर्निस' नावाचे एक मोकळे साधन असा नकाशा घेऊन ठोकळ्यांत उतरवते. मग पांझरा नदी, तिच्यावरचा बंधारा, पाट आणि फड त्याने हाताने केले. फड म्हणजे आमच्या खानदेशची जुनी सिंचन-पद्धत: बंधाऱ्याचे पाणी पाटाने आणायचे, शिवाराचे फड पाडायचे, एका फडात सर्वांनी एकच पीक घ्यायचे आणि दरसाल ते फिरवायचे. खेळात पाणी उगमापासून सात ठोकळे वाहते आणि चार ठोकळ्यांपर्यंतची शेतजमीन भिजवते. त्या हिशेबात चाऱ्या बसवायला त्याला दोन महिने लागले. आजी शेजारी बसून सांगत, "पाट तठून नही, अठून." त्यांचे वडील पाटकरी होते.

त्याने ते गाव इतरांना खेळायला खुले केले. पंधरा दिवसांनी मला फोन आला. आवाज रडवेला. कुणा अनोळखी मुलाने तेच गाव उचलून, स्वतःच्या नावाने दुसऱ्या स्थळावर चढवले होते. "मामा, फड मी केले होते."

मी त्याला जून महिन्याची आठवण दिली नाही. एवढेच सांगितले की आपल्या कायद्यात निर्मितीबरोबर प्रताधिकार येतो, नोंदणी सक्तीची नाही आणि कर्त्याला वयाची अट नाही. रस्ते लोकांच्या नकाशाचे, त्यांवर तुझा हक्क नाही. बंधारा, पाट आणि फडांची मांडणी तुझी. दाजींच्या सहीने त्या स्थळाला पत्र गेले, जुन्या प्रतींच्या तारखा जोडल्या. आठ दिवसांत नक्कल उतरवली गेली.

त्यानंतर त्याने आपल्या गावाच्या वेशीवर एक पाटी लावली आहे. मी ती या दिवाळीत पाहिली. पहिल्या ओळीत नकाशा करणाऱ्यांचे ऋण, दुसरीत साधनांची नावे, तिसरीत त्याचे स्वतःचे नाव. चौथी ओळ त्याने आजीला विचारून घातली. तीत तिच्या वडिलांचे नाव आहे आणि पुढे 'पाटकरी' असे लिहिले आहे.